सोबतीला कोणीही नाही

माझ्या भाचीचं आणि जावयाचं एका गोष्टीवर पूर्ण एकमत होतं: घटस्फोट हवा. भांडण होतं ते कुठल्या गावात घ्यायचा यावर. जावयाने बेळगावच्या कोर्टात अर्ज टाकला, भाचीने मागाहून कोल्हापुरात. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १९ ची दोघांनाही परवानगी. लग्न जिथे लागलं, नवराबायको शेवटचे एकत्र जिथे राहिले, समोरचा पक्ष जिथे राहतो, यांतलं कुठलंही कोर्ट चालतं. २००३ पासून तर अर्जदार बायको असेल तर ती राहते तिथलंही. लग्न निपाणीला लागलं होतं, दोन्हीकडच्या वऱ्हाडाला रस्ता वाटून पडावा म्हणून. एवढा समजूतदारपणा या दोन घरांनी त्यानंतर कधी दाखवला नाही.

वकीलसाहेबांनी चष्मा कपाळावर सरकवून कलम २१ अ सांगितलं. दोघांनीही घटस्फोट मागितला असेल तर मागाहून आलेला अर्ज आधीच्या कोर्टाकडे जातो. म्हणजे भाचीचा अर्ज बेळगावला.

आक्का, म्हणजे माझी बहीण, भाचीची आई, उसळली. "आधी टाकला त्याचं कोर्ट? ही काय एसटीची सीट आहे, खिडकीतून रुमाल टाकला की झाली आपली?"

उपाय एकच, ट्रान्स्फर पिटिशन, म्हणजे केस दुसऱ्या कोर्टात हलवायचा अर्ज. मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ ला कोल्हापुरात सुरू झालेलं. त्यासाठी वर्षानुवर्षं आंदोलनं झाली होती, त्यामुळे आक्काला वाटलं, हायकोर्ट आपल्या दारात आलंय, चालत जाऊन केस बदलून आणू. वकीलसाहेब म्हणाले, "जावई सोलापूरचे असते तर जमलं असतं. बेळगाव कर्नाटकात. एका राज्यातून दुसऱ्या राज्यात केस न्यायची तर दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम २५. सुप्रीम कोर्ट."

म्हणजे शंभर-सव्वाशे किलोमीटर वाचवायचे तर दिल्ली गाठायची. सीमाप्रश्नाचा इतका घरगुती फटका आम्हाला आजवर बसला नव्हता.

दिल्लीत पिटिशन दाखल करायला अॅडव्होकेट ऑन रेकॉर्डच लागतो, म्हणून फीचा आणखी एक आकडा कळला. मग मसुदा आला. तो इंग्रजीत, म्हणून वकीलसाहेब मराठीत सांगत गेले. अर्जदाराचं मूल लहान आहे. तिला स्वतःची कमाई नाही. वडील हयात नाहीत. बेळगावला जायचं तर सोबतीला घरात कोणीही नाही.

हे वाचन चालू असताना फाइल माझ्या मांडीवर होती, भाचीचं पोर माझ्या खांद्यावर झोपलं होतं आणि खाली ज्या गाडीतून सगळे आले होते ती माझीच होती. मी घसा खाकरला.

"मामा, 'घरात' म्हटलंय," वकीलसाहेब शांतपणे म्हणाले. "तुम्ही राजारामपुरीत राहता."

भाची माझ्याकडे न बघता सही करून मोकळी झाली. निपाणीच्या हॉलमध्ये गुरुजींनी माइकवरून मला तीनदा पुकारलं होतं, 'मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावे'. आता देशाच्या सर्वोच्च न्यायालयाला कळवण्यात आलं की असा कोणी इसम उपलब्ध नाही.

जावयाचं उत्तर आलं. आईचे गुडघे गेलेत, दुकान एकट्यावर आहे, महामार्ग उत्तम आहे, आणि पत्नीला येण्याजाण्याचं भाडं द्यायला तो तयार आहे. पुढे एक अख्खा परिच्छेद माझ्यावर! अर्जदाराचे मामा धडधाकट असून स्वतः गाडी चालवतात व बेळगावला कुंदा न्यायला वरचेवर येतात. आमच्या बाजूने मला खोडून टाकलं, विरुद्ध पक्षाने मात्र सन्मानाने उभं केलं. तो परिच्छेद मी घरी बायकोला वाचून दाखवला. "कुंदा घरी कधी आला नाही तो?" एवढंच तिने विचारलं.

अर्ज उगाच त्रास द्यायला केलाय असं वाटलं तर कलम २५ खाली विरुद्ध पक्षाला भरपाई द्यावी लागू शकते. ती जास्तीत जास्त २,००० रुपये. आक्का म्हणाली, "दिल्लीच्या वकिलाचा चहा तेवढ्याचा आहे." मी व्हिडिओ कॉन्फरन्सिंगचं विचारलं. तर २०१७ च्या मार्चमध्ये सुप्रीम कोर्टाच्या एका पीठाने तो मार्ग दाखवला होता आणि ऑक्टोबरमध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने दोन विरुद्ध एक असा तो फिरवला: आधी समेटाचा प्रयत्न, तो फसल्यावर दोघांनी मिळून मागितलं तरच व्हिडिओ. तिथे तिघांचं जमलं नाही, आमची तर दोन अख्खी खानदानं होती.

दिल्लीच्या सुनावणीला कोणी जायची गरजच नव्हती. मी नवा स्वेटर घेऊन बसलो होतो, तो कपाटात गेला. कोर्टाने प्रकरण मध्यस्थीकडे पाठवलं आणि तिथे, का कोण जाणे, दोघं नीट बोलले. पोर कोणाकडे, दागिने, पोटगी, सगळं ठरलं. कलम १३ ब खाली संमतीने घटस्फोट, एकच अर्ज, दोघांच्या सह्या.

"कुठे टाकायचा?" वकीलसाहेबांनी विचारलं.

"कोल्हापूर," आक्का म्हणाली. "बेळगाव," तिकडून फोनवर विहीणबाई. पुन्हा दिल्ली दिसायला लागली. तेवढ्यात भाचीच म्हणाली, "लग्न जिथे लागलं तिथे टाकता येतो ना?"

निपाणी ज्या कोर्टाच्या हद्दीत येतं, तिथे जायचं ठरलं. दोन्ही घरांना पसंत. रात्री जावयाचा मला फोन आला. आवाज एकदम पूर्वीसारखा, आदबशीर.

"मामा, आईला बसनं झेपायचं नाही. तुम्ही पहिल्यांदा बेळगावला येऊन आम्हाला घेतलं असतं तर..."

"मी कसा येणार?" मी म्हटलं. "आमचं प्रतिज्ञापत्र वाचलं नाही का तुम्ही?"