टँकर रस्त्याला, रुमाल तोंडाला

सकाळी फिरायला गेलो आणि डोकं तापवून घरी आलो. पायवाटेच्या कडेला पेव्हर ब्लॉक बसवतायत. एक पोरगा कोरड्या ब्लॉकवर कटर चालवतोय, तोंडाला रुमाल, भुवया पांढऱ्याफटक. शेजारी पाण्याचा भरलेला टँकर उभा! तो रस्त्यावर पाणी मारायला. पात्यावर बारीक धार सोडायचं कुणाच्या मनातही नाही.

त्या भुवयांनी काका आठवले. मी नवा सुपरवायझर होतो, ते ग्रॅनाइट कापायचे, असाच रुमाल बांधून. एकदा म्हटलं, काका, पाणी लावून कापा की. म्हणाले, "साहेब, चिखलात खूण दिसत नाही, वेळ जातो." मला तारीख गाठायची होती. गप्प बसलो.

रुमालाने अडतो तो जाड धुरळा. दगड-काँक्रीटमधल्या सिलिकाचा जो कण मारतो, तो केसाच्या दहाव्या हिश्शाहूनही बारीक, डोळ्यांना दिसतच नाही, सरळ फुप्फुसाच्या तळाशी जातो. त्याने होणारा फुप्फुसाचा आजार, सिलिकोसिस, बरा होत नाही. साइटवर हे कुणाला माहीत नसतं म्हणता? मला होतं की माहीत!

विजेच्या यंत्राजवळ पाणी धोक्याचं, मान्य. म्हणून तर पाणी लावून कापायचा खास कटर आणि वीज गळली की पुरवठा तोडणारा ईएलसीबी असतो. नाहीतर पात्याला झाकण आणि व्हॅक्यूम लावा.

टँकरही लागतो, नाही म्हणत नाही. पण कडक उन्हात रस्ता बघता बघता वाळतो, मग डंपर आला की पुन्हा ढग. त्यापेक्षा डंपरला हळू चालवायला लावा, फुकटचं काम आहे. रस्त्यावर टाकलेलं कॅल्शियम क्लोराइड हवेतली ओल धरून ठेवतं, फक्त गाड्या गंजतात आणि कडेची झाडं सोसतात. आणि कृपा करून 'जळकं ऑइल ओता' असं खाली लिहू नका. अमेरिकेत मिसुरीतल्या टाइम्स बीचमध्ये सत्तरच्या दशकात धूळ बसवायला टाकाऊ तेल फवारलं. त्यात डायॉक्सिन हे जहाल विष निघालं. १९८३ मध्ये सरकारने गावच विकत घ्यायचं ठरवलं.

काका पाच-सहा वर्षांनी भेटले. एक जिना चढताना दोनदा थांबले. मला 'साहेब'च म्हणाले, तेही धाप लागत.

आज त्या पोराजवळ गेलो. बोलायचं ठरवूनच गेलो होतो. त्याने कटर बंद केला, रुमाल खाली ओढला. नाकाखाली तेवढाच स्वच्छ पट्टा.

"काका, बाजूला व्हा ना, तुमच्या डोळ्यांत जाईल."

मी बाजूला झालो.