‘पहिली’ म्हटलं की झालं?

परवा रात्री झोप येईना म्हणून यूट्यूबवर ‘सस्पेन्स’ लावला. १९१३चा मूकपट, जेमतेम दहा मिनिटांचा. आडबाजूचं घर, मोलकरीण काम सोडून गेलेली, आत बाई आणि तिचं तान्हं बाळ, बाहेर चोर. बाई नवऱ्याला फोन लावते आणि पडद्याचे तीन त्रिकोण होतात. एकात ती, एकात नवरा, एकात चोर! पुढे चोर जिना चढत थेट आपल्या अंगावर येतो. नवरा दुसऱ्याचीच गाडी पळवून सुसाट सुटलाय आणि मागे लागलेले पोलीस आपल्याला दिसतात गाडीच्या आरशात. मी उठून बसलो.

दिग्दर्शन लॉइस वेबर या अमेरिकन बाईचं, तिचा नवरा फिलिप्स स्मॉलीच्या जोडीनं. पटकथा तिचीच आणि ती घाबरलेली बाईही तीच. त्याच वर्षी आपल्याकडे ‘राजा हरिश्चंद्र’ आला. त्यात तारामती झाले होते अण्णा साळुंके, म्हणजे पुरुषच.

आता आपल्या फातमा बेगम. १९२६, ‘बुलबुल-ए-परिस्तान’, स्वतःची फातमा फिल्म्स कंपनी. ‘भारतातील पहिली महिला दिग्दर्शक कोण?’ या प्रश्नाचं उत्तर म्हणून पाठ असतात. ‘आलम आरा’ची नायिका झुबेदा ही त्यांची मुलगी, हेही काहींना माहीत असतं. पण बाई दिग्दर्शक कशा होत्या? कॅमेरा कुठे ठेवायच्या? सांगणार कसं, सिनेमाच उरलेला नाही. त्या काळची नायट्रेटची फिल्म भुरूभुरू जळायची, नाहीतर सडायची, आणि पुष्कळदा तर आतल्या चांदीसाठी भंगारात जायची. आपले बहुतेक मूकपट असेच गेले, फाळक्यांचेसुद्धा बरेचसे. त्यामुळे यात सगळा दोष पुरुषांचा, असं काही मी म्हणणार नाही.

माझा राग त्या ‘पहिली’वर आहे. एकदा बिरुद चिकटवलं की आपण मोकळे. आठ मार्चला फोटो टाकायचा, खाली दोन ओळी, की वर्षभर कुणी विचारत नाही.

वेबरचा १९१६चा ‘व्हेअर आर माय चिल्ड्रन?’ही पाहिलाय. गर्भपाताच्या विरोधात इतका उपदेश की मी दोनदा थांबवला. मला तो अजिबात पटला नाही. पण निदान न पटायला समोर काहीतरी आहे! फातमा बेगम गेल्या १९८३ साली. जुने सिनेमे जपणारं पुण्यातलं फिल्म आर्काइव्ह तेव्हा १९ वर्षांचं होतं.