थोरल्या भावाने बांध कसा कोरावा

शेजाऱ्याची चार गुंठे जमीन डोळ्यात भरलीय, पण कोर्टकचेरी नको, आणि वर गावाने 'थोरला आहे म्हणून एवढं करतो हो' असंही म्हणायला पाहिजे, अशी तुमची अडचण असेल तर सरळ मॉस्कोकडे बघा. आपल्याकडचे लोक उगाच रात्री कुदळ घेऊन बांध कोरत बसतात आणि सकाळी काठ्या निघतात. येडे आहेत. तिकडे हे काम व्यवस्थित, कागदोपत्री आणि भावाच्या नात्याने होतं. मधे १९९१ ला सोव्हिएत संघाचा लाल झेंडा उतरला, रशियाचा तिरंगी चढला, पण कुदळीचा दांडा कुणी बदलला नाही.

पहिला नियम, कुणाच्या घरात जबरदस्तीने घुसायचं नाही. शी. आपल्याला बोलावलेलं असलं पाहिजे. ३० नोव्हेंबर १९३९ ला फिनलंडवर हल्ला झाला, आणि दुसऱ्याच दिवशी सीमेजवळच्या तेरियोकी गावात ओट्टो कुसिनेन नावाच्या, कित्येक वर्षं मॉस्कोत राहणाऱ्या फिनिश कॉम्रेडचं सरकार तयार! मग लीग ऑफ नेशन्सने (युनोच्या आधीची राष्ट्रांची संघटना) विचारलं की हे काय चाललंय, तर परराष्ट्रमंत्री मोलोतोव म्हणाले युद्ध कुठेय, आमचा तर फिनलंडच्या सरकारशी मैत्रीचा करार झालाय. बॉम्ब टाकणारी विमानं म्हणे फिन लोकांसाठी ब्रेड टाकत होती. फिन लोक पण कमी नाहीत, त्यांनी त्या बॉम्बला 'मोलोतोवची ब्रेडची टोपली' म्हणायला सुरुवात केली आणि ब्रेडबरोबर प्यायला काहीतरी हवं म्हणून रणगाड्यांवर फेकायच्या पेटत्या बाटल्यांना मोलोतोव कॉकटेल. लीगने रशियाला हाकलून दिलं ते सोडा, लीग तरी पुढे किती दिवस टिकली.

आमंत्रण मिळवायची सगळ्यात सुंदर पद्धत १९६८ ची. चेकोस्लोव्हाकियाच्या राजधानीत, प्राग मधे, दुबचेक नावाचा तिथल्या कम्युनिस्ट पक्षाचा प्रमुख, भला माणूस, म्हणत होता की समाजवाद ठेवू पण जरा माणुसकीचा ठेवू. मॉस्कोच्या ब्रेझनेव्ह साहेबांना माणुसकीची अॅलर्जी. ऑगस्टच्या सुरुवातीला ब्रातिस्लाव्हात सगळ्या बंधुपक्षांची बैठक होती, मिठ्या, मुके, ग्रुप फोटो, आणि तिथेच वासिल बिल्याक नावाच्या स्लोव्हाक कॉम्रेडने 'या आणि आम्हाला वाचवा' असं पत्र रशियनांपर्यंत पोचवलं. कुठे? पुरुषांच्या संडासात. खरंच. एका देशाचं आमंत्रण मुतारीत हातोहात गेलं, दोन महासत्तांच्या जमान्यात. २० ऑगस्टच्या रात्री दोन लाखांच्या वर सैनिक आणि हजारो रणगाडे आले, सोबत पोलंड, हंगेरी, बल्गेरियाचे भाऊ पण घेतले होते (रोमानिया म्हणाला मी नाही येत, त्याला नंतर कुणी फारसं लग्नाला बोलावलं नाही). लोकांनी रातोरात रस्त्यांच्या पाट्या काढून टाकल्या आणि फक्त मॉस्कोकडे जायचा रस्ता दाखवणाऱ्या ठेवल्या. वॉर्सा कराराने, म्हणजे मॉस्कोच्या गटातल्या देशांच्या लष्करी युतीने, अख्ख्या आयुष्यात सगळ्यांनी मिळून एकच मोठी मोहीम केली, आणि ती स्वतःच्याच मेंबरवर. भाऊबंदकी हा शब्द मराठीत आहे, पण पेटंट त्यांनी घ्यायला पाहिजे होतं.

आता समजा शेजारी खरोखरच बोलावतोय, मग काय? मग तर जास्त सावध राहा. काबूलमधे अफगाणिस्तानचा सत्ताधारी हाफिजुल्ला अमीन बिचारा १९७९ मधे परत परत सैन्य पाठवा म्हणत होता. पाठवलं. २७ डिसेंबरला ताजबेग राजवाड्यात जेवणातून केजीबीने (सोव्हिएत गुप्तहेर खातं) त्याला विष दिलं, आणि गंमत बघा, सोव्हिएत डॉक्टरांना हे कुणी सांगितलंच नव्हतं, त्यांनी धावपळ करून त्याला शुद्धीवर आणला, त्याच संध्याकाळी सोव्हिएत कमांडो आले आणि गोळ्या घालून काम पूर्ण केलं. वाचवायला आलेल्या डॉक्टरांपैकी एक पण त्या गोळीबारात गेला. आणि मग जगाला सांगितलं की आम्ही अफगाण सरकारच्या विनंतीवरून आलोय. विनंती करणारा तर मेला, आता तक्रार कोण करणार? नऊ वर्षं, १५ हजारांच्या आसपास त्यांचे सैनिक, अफगाण तर लाखांनी, आणि फेब्रुवारी १९८९ मधे जनरल ग्रोमोव आमू दर्या वरच्या पुलावरून चालत परत. पुलाचं नाव मैत्री पूल.

एवढा खर्च तुम्हाला परवडणार नसेल तर बांधाकडे वळू. यात आत्ताचे लोक जुन्यांच्या पुढे गेलेत. आधी पलीकडच्या लोकांना आपले पासपोर्ट वाटायचे, मग आपल्या नागरिकांना त्रास होतोय म्हणून ऑगस्ट २००८ मधे पाच दिवस रणगाडे फिरवायचे, मग जॉर्जियाचा दक्षिण ओसेतिया हा भाग स्वतंत्र देश आहे असं जाहीर करायचं. निकाराग्वा, नाउरू वगैरेंनी मान्यता दिली, म्हणजे झालंच. आणि त्यानंतर खरी मजा, हिरव्या पाट्या आणि काटेरी तार. एका सकाळी जॉर्जियातला शेतकरी उठतो तर पाटी काल होती त्यापेक्षा आत सरकलेली. खुरवालेती गावात एका म्हाताऱ्याचं घरच तारेपलीकडे गेलं, तो जागचा हलला नाही, देश हलला, आणि ब्रेड, औषधं त्याला तारेवरून द्यावी लागायची. आपल्याकडे निदान मोजणी आणायचा धाक तरी असतो.

शेजारी जास्त बोलायला लागला तर मारू नका, त्याचा माल खराब आहे म्हणा. २००६ मधे मॉस्कोच्या आरोग्य खात्याला अचानक जॉर्जिया आणि मोल्दोव्हाच्या वाइन मधे दोष दिसला, मग जॉर्जियाच्याच बोर्जोमी मिनरल वॉटर मधे, लॅटव्हियाच्या डबाबंद मासळी मधे, २०१३ ला युक्रेनच्या चॉकलेट मधे. या जंतूंना राजकारण फार छान कळतं, तिकडचं सरकार बदललं की आपोआप मरतात.

लेखी दिलेलं फार मनावर घ्यायचं नाही. डिसेंबर १९९४ मधे बुडापेस्टला सही केली की युक्रेनने अण्वस्त्रं द्यावीत, आम्ही त्याच्या सीमांचा मान ठेवू. त्याने दिली, जगात तिसऱ्या नंबरचा साठा होता. २०१४ ला युक्रेनच्या क्रिमियात बिनबिल्ल्याचे हिरवे सैनिक दिसले तर पुतिन म्हणाले असे युनिफॉर्म दुकानात मिळतात. पुढच्या महिन्यात म्हणाले आमचेच होते. २०२२ ला तर दुकानात जायची गरजच राहिली नाही, आणि त्याला युद्ध म्हटलंत तर घरच्यांनाच जेल. मोल्दोव्हाच्या ट्रान्सनिस्ट्रियातून सैन्य काढू असं १९९९ ला इस्तंबूलमधे कबूल केलं होतं, अजून सामान बांधताहेत.

साइड इफेक्ट? आहेत थोडे. फिनलंड बिचारा सात दशकं तोंड शिवून बसला होता, नाटोचं नाव काढत नव्हता, एप्रिल २०२३ मधे जाऊन मेंबर झाला, तेराशे किलोमीटरचा बांध एका सहीत नाटोचा. आर्मेनिया तर घरचाच, पण सप्टेंबर २०२३ मधे अझरबैजानच्या हल्ल्यानंतर काराबाख मधून लाखभर आर्मेनियन पळाले तेव्हा रशियन शांतिसैनिक बघत उभे, आता तो पण भावकीच्या बैठकीला येत नाही. आणि थोरला विचारतो, हे सगळे माझ्यापासून लांब का पळतात, नक्की अमेरिकेने कान भरले.

आपण गावातले सभ्य लोक. १९६८ ला सुरक्षा परिषदेत आपण तटस्थ, २०२२ ला पण तटस्थ. आणि आमच्या पिढीला तर सोव्हिएत मासिकांचा तो गुळगुळीत कागद वह्यांना कव्हर घालायला मिळायचा, खाल्ल्या मिठाला जागायला नको?

तर तुम्ही उद्यापासून सुरू करा. शेजारच्या घरात एखादा नाराज जावई, वाटणीत कमी मिळालेला पुतण्या असेल तो शोधा आणि त्याच्याकडून चिठ्ठी घ्या. मजकूर मात्र तुमच्या सोयीचा असू द्या. मघाशी सांगायचं राहिलं, संडासातलं ते पत्र चेकोस्लोव्हाक माणसांनी रशियनमधेच लिहिलं होतं, वाचणाऱ्याला त्रास नको म्हणून.