हप्ता किती बसतो ते राहू द्या, घर कितीला पडलं ते सांगा

सोलापुरात कुणी फ्लॅट घेतला म्हटलं की लोकं दोनच गोष्टी विचारतेत, पाणी किती दिवसाआड येतंय आणि हप्ता किती बसतो. पहिला प्रश्न बरोबरच आहे, चार-पाच दिवसाआड नळ येणाऱ्या गावात तो विचारायलाच पाहिजे. दुसऱ्या प्रश्नानं मात्र माझं डोकं उठतं. हप्ता २६ हजार. बरं, किती वर्षं? वीस. झालं, विषय संपला, पेढे काढा. अरे २६ हजार गुणिले २४० करून बघ की बे एकदा, मोबाईल हातातच आहे ना, का नुसते रील बघायलाच घेतलाय?

थांबा, मीच करून देतो. ३० लाख कर्ज, साडेआठ टक्के, २० वर्षं. हप्ता २६,०३५. एकूण भरणा ६२ लाख ४८ हजार. त्यातलं ३२ लाख ४८ हजार निव्वळ व्याज, म्हणजे मुद्दलापेक्षा जास्त. वर खिशातनं घातलेले दहा लाख, स्टॅम्प ड्युटीचे दोन लाखाच्या पुढं, रजिस्ट्रेशनचे ३० हजार, प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, बांधकाम चालू असलेलं घेतलं तर जीएसटी, आणि हे सगळं भरून दमल्यावर बिल्डरचा माणूस येऊन सांगतंय की पार्किंगचं वेगळं बघावं लागेल साहेब. तुमचा तो "४० लाखाचा फ्लॅट" ७५ लाखाच्या पुढं गेला की ओ! पण जुळे सोलापूरपासून होटगी रोडपर्यंत कुठल्याही बोर्डावर ७५ कुणी लिहिणार नाही. "फक्त इतका हप्ता" एवढंच मोठ्या अक्षरात, शेजारी हसणारं नवरा-बायको-पोरगं, आणि खाली मुंगीच्या अक्षरात अटी लागू.

आता कुणीतरी म्हणणार की बँक काय धर्मादाय संस्था आहे का, पैसे दिलेत तर व्याज घेणारच. घेऊ दे की! व्याजावर माझा राग नाहीच. वीस वर्षं एवढी रक्कम कोण फुकट देणार, आणि पंधरा वर्षांनी २६ हजाराचं ओझं आजच्याएवढं वाटणार नाही हेही मला कळतं. राग आहे तो बेरीज लपवण्यावर. आणि त्याहून जास्त राग आहे तो ती बेरीज कुणी विचारत नाही यावर.

पहिल्या महिन्याचा हप्ता फोडून बघा. २६,०३५ मधले २१,२५० व्याजाला गेले, कर्जातनं कमी झाले ४,७८५. पहिल्या वर्षभरात तुम्ही तीन लाख बारा हजार भरता आणि कर्ज उतरतं ६० हजारानं. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले, साडेपंधरा लाखाच्या वर पैसा गेला, बाकी किती? २६ लाख ४४ हजार. अर्धं कर्ज फिटायला पावणेचौदा वर्षं लागतेत. वीसमधली पावणेचौदा! आणि आमच्याकडं लोकं दहा वर्षं झाली की म्हणतेत "निम्मं फिटलं आता". कुठलं निम्मं बे, सत्तर टक्के अजून डोक्यावर आहे.

त्यात एजंट लोकांचा सल्ला ऐका. "सर, वीसच्या ऐवजी तीस वर्षं करा, हप्ता कमी बसतो, घरच्यांना त्रास नको." त्याच ३० लाखाला तीस वर्षं केली की हप्ता २३,०६७. महिन्याला तीन हजारही वाचत नाहीत, आणि एकूण भरणा जातो ८३ लाखावर. तीन हजार वाचवायला वीस लाख जास्त! पण हे वाक्य त्याच्या तोंडातनं येत नाही, कारण समोरच्याला पण आजचा आकडाच ऐकायचा असतो, पगारातनं किती कटणार आणि उरलेल्यात घर चालणार का, बास. त्यापेक्षा वर्षाला एक हप्ता जास्तीचा भरा म्हणून सांग की त्याला, बोनस आला, गावाकडची ऊस-ज्वारी आली की तेवढं टाक, वीस वर्षांचं कर्ज तीन वर्षांच्या वर आधी संपतंय आणि सहा लाखाच्या पुढं व्याज वाचतंय. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या रेटच्या गृहकर्जाला आगाऊ भरण्याचा दंडही लावता येत नाही, २०११-१२ पासूनच बंद केलाय तो. पण हे सांगितलं तर कमिशन कोण देणार.

आता खरं जिथं माझी सटकली ते सांगतो. माझा मावसभाऊ, अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात आहे, वहिनी शाळेत शिकवते. २०२१ मध्ये एका हाउसिंग फायनान्स कंपनीकडनं ३० लाख उचलले. तेव्हा रिझर्व्ह बँकेचा रेपो रेट, म्हणजे ती बँकांना ज्या दरानं पैसे देते तो, ४ टक्के होता, सगळीकडं स्वस्ताई, ह्याला ६.७५ टक्क्यानं मिळालं, हप्ता २२,८११, वीस वर्षं. खूश. मग मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३, नऊ महिन्यांत रेपो ४ वरनं साडेसहावर गेला. ह्याचा रेट झाला सव्वानऊ. ह्याला काय कळलं? एक एसएमएस, इंग्रजीत, आणि हप्ता दोन हजारानं वाढून २४,८०० च्या आसपास. "दादा, दोनच हजार वाढलेत, चालतंय की," म्हणाला मला. तेव्हा मीही ऐकून घेतलं, कारण प्रत्येकाचाच वाढत होता.

यंदा मुलाच्या फीसाठी काहीतरी कागद हवे होते म्हणून त्यानं लोनचं स्टेटमेंट काढलं आणि मला दाखवायला आणलं. मी हप्त्याकडं बघितलंच नाही, सरळ उरलेले हप्ते किती ते बघितलं. मुदत गेलीय त्याच्या साठीपर्यंत! २० वर्षांचं कर्ज २६ वर्षांचं झालं, बहात्तर हप्ते जास्त, आणि ह्या बाबाला पत्ता नाही. रेट वाढला तेव्हा २२० हप्ते बाकी होते, ते जुन्या रेटनं ५० लाखात संपले असते. नवीन हिशोबानं ते झाले ७२ लाखाच्या वर. बावीस लाख! एका एसएमएसात! आणि माणूस म्हणतोय दोनच हजार वाढले.

यातली खरी मेख ऐका. हप्ता अजिबात न वाढवता २२,८११ च ठेवला असता तर गणितानं ते कर्ज फिटायला अजून ३८ वर्षांच्या वर लागली असती, कारण सव्वानऊ टक्क्यानं नुसतं व्याजच महिन्याला २२ हजाराच्या पुढं जात होतं, मुद्दलाला उरत होते सहाशे-साडेसहाशे रुपये. उलट कंपनीनं त्याला एक फोन करून विचारलं असतं की बाबा रे, मुदत आहे तेवढीच ठेवायची असेल तर हप्ता २७,२०० च्या आसपास बसेल, जमेल का, तर तो ओढूनताणून हो म्हणाला असता. दोघं कमावतेत. महिन्याला २,४०० जास्त दिले असते आणि साडेबारा लाख वाचले असते. विचारलंच नाही कुणी. त्याच्या आयुष्यातली सहा वर्षं कुठल्या तरी कॉम्प्युटरनं परस्पर ठरवून टाकली.

गेलो मग शाखेत दोघं. एसी मस्त, बाहेर ४२ डिग्री, आत थंडगार, कुपनवर नंबर, पोरगं गोड बोलणारं. "सर, ते सिस्टिमनं ऑटोमॅटिक केलंय." मी म्हटलं, अहो सिस्टिमनं केलं ते कळलं, पण विचारलं कुणाला? "सर, कस्टमरला हप्त्याचा बोजा नको म्हणून टेन्युअर वाढवतो आम्ही, तुमच्या सोयीसाठीच." सोयीसाठी! बावीस लाखाची सोय! मग मी त्याला १८ ऑगस्ट २०२३ चं रिझर्व्ह बँकेचं सर्क्युलर मोबाईलवर काढून दाखवलं. रेट बदलताना ग्राहकाला पर्याय द्यायचा, हप्ता वाढवायचा का मुदत का थोडं थोडं दोन्ही, आणि दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं, आतापर्यंत मुद्दल किती आलं, व्याज किती, हप्ते किती उरले. जुन्या कर्जांना पण लागू, ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत करून टाका म्हणून सांगितलेलं. त्यानं वाचलं, स्क्रीनकडं बघितलं, परत माझ्याकडं बघितलं आणि म्हणाला, "सर, हे हेड ऑफिसला मेल करावं लागेल." कर की मग! तुला मेल करता येत नाही का?

आणि स्टेटमेंट नीट बघितलं तर अजून एक पिल्लू सापडलं. विमा. कर्जासोबत आयुर्विमा, एकरकमी हप्ता ९० हजार, तोही कर्जातच मिळवलेला. म्हणजे विम्याच्या पैशावर पण वीस वर्षं व्याज! साडेआठनं धरलं तरी त्या ९० हजाराचे एक लाख ८७ हजार होतेत. विमा असू नये असं मी म्हणत नाही, घरात लहान पोरं आहेत, घ्यावा, पण साधा टर्म प्लॅन बाहेरनं, आपल्या मर्जीनं. कायद्यानं कुठंच सक्तीचा नाही तो, पण सही घेताना "हे कंपल्सरी आहे सर" म्हणून ठोकून देतेत आणि आपला माणूस कर्ज मंजूर होतंय ह्या आनंदात चाळीस पानांवर सह्या ठोकत सुटतो. इथं सही, इथं सही, इथं पण, मॅडमची इथं. आता १ ऑक्टोबर २०२४ पासून नवीन कर्जाला 'की फॅक्ट स्टेटमेंट' नावाचं पान द्यावंच लागतं, सगळे चार्जेस धरून वर्षाचा खरा दर आणि एकूण किती भरणार ते त्यात येतं. पण ते पान पण त्याच गठ्ठ्यात, त्याच वेगानं उलटतंय. वाचायला दोन मिनिटं मागितली की समोरचा घड्याळाकडं बघायला लागतो.

घरी आलो तर मामा बसलेले. त्यांचं ठरलेलं वाक्य, "अरे पण टॅक्स वाचतो ना!" मामा, इन्कम टॅक्सच्या जुन्या रिजीममध्ये, म्हणजे जुन्या पद्धतीत, राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतच वजावट, वीस टक्क्याच्या स्लॅबला वाचणार जास्तीत जास्त ४१ हजार ६००. त्यासाठी पहिल्या वर्षी अडीच लाख व्याज भरायचं? आणि हा आपला भाऊ नवीन रिजीममध्ये आहे, २०२३-२४ पासून तीच डिफॉल्ट झालीय, तिथं राहत्या घराला ती वजावटच नाही. मामा गप्प बसले आणि दोन मिनिटांनी म्हणाले, "तरी पण भाड्यापेक्षा बरं." जाऊ द्या. त्याच भागात तसाच फ्लॅट आठ-दहा हजारानं भाड्यानं मिळतोय हे मी बोललो नाही, शेंगाचटणीचा घास तोंडात होता.

मला सगळ्यात चीड कशाची येते सांगू? आमच्या पूर्व भागात विडी वळणारी बाई बघा. शाळा चौथीपर्यंत. पण दहा हजार उचलले तर शेकडा किती, आठवड्याला किती, शेवटी हातातनं एकूण किती जाणार हे तिला तोंडपाठ असतंय. बचत गटाची वही उघडून कुणी शंभर रुपये जास्त लावले तर तिथल्या तिथं भांडते. आणि आम्ही पदवीवाले, पगार बँकेत, मोबाईलवर तीन-तीन ॲप, ३० लाख उचलतो आणि एकूण किती देणार ते आम्हाला माहीत नाही. वर तिला अडाणी म्हणणारे आम्हीच.

बरं, २०२५ मध्ये रेपो खाली आला, साडेसहावरनं डिसेंबरपर्यंत सव्वापाच. म्हणजे माझ्या मावसभावाचा रेट पण सव्वा टक्क्यानं उतरायला पाहिजे होता ना? वाढताना कसा धाडधाड वाढला? पण नाही. बँकांची नवीन फ्लोटिंग गृहकर्जं ऑक्टोबर २०१९ पासून रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधलेली असतेत, तीन महिन्यांत एकदा तरी बदलावंच लागतं. ह्याचं कर्ज हाउसिंग फायनान्स कंपनीचं, त्यांना ते बंधन नाही, त्यांचा स्वतःचा पीएलआर, म्हणजे घरचाच मूळ दर, तो कधी आणि किती खाली आणायचा ते त्यांचे तेच ठरवणार. नव्या गिऱ्हाईकाला मात्र दारातच कमी रेट. चार-पाच वर्षं एकही चेक बाउन्स न केलेला माणूस जास्त भरतोय आणि काल आलेला कमी! विचारलं तर म्हणतेत कन्व्हर्जन फी भरा, मग तुम्हाला पण तो रेट लावतो. दुसऱ्या बँकेत कर्ज हलवायचं म्हटलं तर तिथं परत प्रोसेसिंग, परत वकील, परत स्टॅम्प, परत सगळी कागदं गोळा करत फिरा.

शेवटी फी भरायची ठरवली त्यानं, कारण गणित केलं तर तेच परवडत होतं. मी एवढंच सांगितलं की रेट कमी झाल्यावर हप्ता कमी करू नका, आहे तेवढाच ठेवा आणि मुदत कमी करा, आणि हे लेखी द्या. ते पोरगं म्हणालं, "सर, लेखीचा फॉरमॅट नाहीये आमच्याकडं." मुदत वाढवायला कसला फॉरमॅट लागला नव्हता! मी साध्या कागदावर अर्ज लिहिला, दोन प्रती केल्या, एकीवर शिक्का मारून घेतल्याशिवाय खुर्चीवरनं उठलो नाही, मागं रांग लागली तरी.

शिक्का मारता मारता तो माझ्या भावाला विचारतोय, "सर, तुमचा रेकॉर्ड एकदम चांगला आहे, पाच लाखाचं टॉप-अप लोन करायचं का? हप्ता फक्त साडेचार हजार बसेल."