जिल्हाधिकारी आणि जिल्हा परिषद: एक खुलासा

‘जिल्हाधिकारी हेच नाशिक जिल्हा परिषदेचे प्रमुख, आमदार तिचे सदस्य, आणि अध्यक्ष जनता थेट निवडते’ असा मजकूर सध्या व्हॉट्सअ‍ॅपवर फिरतो आहे. तिन्ही विधाने चूक आहेत.

गोंधळ बहुधा सरपंचांवरून झाला असावा. थेट निवड त्यांची होते. जिल्हा परिषद अध्यक्षाला मात्र गटांतून, म्हणजे जिल्हा परिषदेच्या मतदारसंघांतून, निवडून आलेले सदस्य आपल्यातूनच निवडतात, तेही अडीच वर्षांसाठी. २०१७ मध्ये नाशिक जिल्ह्यात असे ७३ गट होते. प्रत्येक गटात पंचायत समितीचे दोन गण, म्हणजे तिचे मतदारसंघ. जिल्ह्यातल्या पंधराही पंचायत समित्यांचे सभापती जिल्हा परिषदेचे पदसिद्ध सदस्य (पदामुळे आपोआप सदस्य) असतात. आमदार-खासदार नसतात. ते दिसतात जिल्हा नियोजन समितीत, जिचे अध्यक्ष पालकमंत्री. ती समितीच निराळी!

प्रशासनाची धुरा मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याकडे, म्हणजे बोलीत ‘सीईओ साहेबां’कडे असते, जिल्हाधिकाऱ्यांकडे नव्हे. मार्च २०२२ मध्ये सदस्यांची मुदत संपली आणि निवडणूक न झाल्याने तेव्हाच्या सीईओंकडेच प्रशासकपद आले. अधिकारीच सर्वेसर्वा, हा समज तिथूनही पक्का झाला असेल.

आणखी एक. नाशिक शहरातल्या पंचवटी, सिडको, सातपूरकरांनी ‘आमचा गट कोणता?’ म्हणून शोधू नये. महापालिका हद्दीतले मतदार नगरसेवक निवडतात, जिल्हा परिषद सदस्य नाही. मालेगाव शहराचेही तेच. सिन्नर, येवला या नगरपरिषदांच्या हद्दीतही तसेच. गट सुरू होतात ते हद्दीबाहेरच्या गावांपासून.