पळाली नाही म्हणजे राजी होती?

वर्षानुवर्षं डांबून ठेवलेलं कुणी सुटून आलं की एक मजकूर हमखास फिरू लागतो: 'संधी असूनही पळाली नाही, म्हणजे मनातून राजीच असणार. यालाच स्टॉकहोम सिंड्रोम म्हणतात. असो, आता सुटली, सगळं ठीक होईल.' यातलं एकही विधान टिकत नाही, आणि सुटून आलेल्या माणसाला ते वाचावं लागतं याचा मला संताप येतो.

आधी तो सिंड्रोम, म्हणजे ओलिसाला डांबणाऱ्याचीच ओढ लागणं. ऑगस्ट १९७३ मध्ये स्टॉकहोमच्या एका बँकेत चार कर्मचारी सहा दिवस ओलीस होते. त्यांतल्या एकीने स्वीडनचे पंतप्रधान ओलोफ पाल्मे यांना फोनवर सांगितलं, की तिला दरोडेखोरांपेक्षा पोलिसांच्या हल्ल्याची धास्ती वाटते. गोळीबार झाला असता तर मध्ये तीच सापडली असती! या रास्त भीतीला पोलिसांचे सल्लागार मनोविकारतज्ज्ञ नील्स बेयेरोत यांनी तिच्याशी न बोलताच आजार ठरवलं. अमेरिकेच्या डीएसएम या मनोविकारांच्या निदानपुस्तिकेत हा सिंड्रोम आजार म्हणून आजही नाही.

आता पळण्याचं. व्हिएन्नाच्या नताशा काम्पुशला १९९८ मध्ये, दहाव्या वर्षी पळवून तळघरात कोंडलं. पुढेपुढे तो माणूस तिला बाहेरही न्यायचा. कुणाशी बोललीस तर त्यालाही मारीन, ही धमकी सोबत असायची. अन्न, उजेड, झोप, सगळं त्याच्या हाती. २००६ मध्ये ती गाडी साफ करत असताना त्याला फोन आला, आणि ती पळाली. आठ वर्षं राजी असलेली मुलगी अशी पळते का? स्टॉकहोमचा शिक्का तिने स्वतःच नाकारला आहे.

मग इतकी वर्षं न पळणं कशामुळे? 'असहायता शिकली जाते' हा सिद्धान्त १९६७ च्या प्रयोगांतून मांडणाऱ्या सेलिगमन आणि मायर या मानसशास्त्रज्ञांनी २०१६ मध्ये तो उलटा केला: सुटका नसलेल्या त्रासात हातपाय गाळणं ही मेंदूची मूळचीच प्रतिक्रिया असते, आपल्या करण्याने काही बदलतं, हे त्याला शिकावं लागतं.

आणि सुटकेनंतर? १९७३ च्या अरब-इस्रायल युद्धात कैद झालेल्या इस्रायली सैनिकांचा संशोधकांनी काही दशकं मागोवा घेतला. अनेकांचा त्रास काळासोबत ओसरण्याऐवजी वाढला. काहींना तो कित्येक वर्षांनी सुरू झाला. म्हणून घरी आलेल्या माणसाला 'विसरून जा' म्हणू नका. दार लावू की उघडं ठेवू, दिवा असू दे का, एवढं त्यालाच ठरवू द्या.