कॅमेरा फक्त उन्हाळ्यातच का येतो?

मी बीड जिल्ह्यातल्या पाटोद्याकडचा. दहा वर्षं दुसऱ्यांच्या माहितीपटांसाठी कॅमेरा धरला. आता तीन वर्षं झाली, आमच्याच बालाघाटच्या माळावर स्वतःचं शूटिंग चालू आहे. बरेच दिवस एक गोष्ट मनात सलतेय.

आमच्याकडे कॅमेरे येतात ते एप्रिल-मेमध्ये. भेगाळलेली जमीन, तळ गाठलेली विहीर, घागरी घेतलेल्या बाया. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून लातूरला पाण्याची रेल्वे आली. पहिल्या फेरीला दहा वाघिणी, पाच लाख लिटर पाणी. स्टेशनवर कॅमेऱ्यांची झुंबड होती आणि ती असायलाच हवी होती. पण लातूरची तहान भागवणारं धनेगावचं धरण ज्या मांजरेवर आहे, ती आमच्याच तालुक्यात, गवळवाडीला उगम पावते. पाऊस या माळावर पडतो तेव्हा ती नदी होते. त्या वर्षी उगमाकडे कुणी कॅमेरा घेऊन आल्याचं मला आठवत नाही.

एका शूटिंगला मी मदतनीस होतो. मेंढरं राखणाऱ्या एका नानांना सांगण्यात आलं, मोबाईल खिशात घाला, फ्रेममध्ये बरा दिसत नाही. नाना म्हणाले, "कामून? पाऊस कुठं पडायलाय ते ह्याच्यावरच तर कळतंय."

मला तेव्हा माहितीपट काढणारा रॉबर्ट फ्लाहर्टी आठवला. १९२२ चा त्याचा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा माहितीपट शिकताना आम्हाला डोक्यावर घेऊन दाखवला होता. कॅनडाच्या बर्फाळ उत्तरेतले मूळ रहिवासी, इन्युइट, तोवर बंदुका वापरत होते, तरी त्याने त्यांना भाल्याने शिकार करायला लावली. बर्फाच्या घरात उजेड पुरेना म्हणून घराची एक बाजूच कापून टाकली. दुर्गम जागेतला माणूस जुनापुराणाच दिसला पाहिजे, हा हट्ट शंभर वर्षांनीही सुटलेला नाही. मला त्याची चीड येते.

नानांबरोबर राहिलो तेव्हा माळ कळायला लागला. मला सगळा माळ एकच दिसायचा. ते पायाखालून ओळखतात. इथं हलकी बरड जमीन, इथं मुरूम, इथं खारवट चोपण, इथं पाणी मुरतं, तिथं नुसतं वाहून जातं. कार्तिकात कुसळी गवत पिकलं की त्याची कुसळं लोकरीत घुसतात आणि मेंढराच्या कातड्याला टोचतात, म्हणून त्या अंगाला कळप न्यायचा नाही. वावरात मेंढरं बसवली की खत होतं, त्याबदल्यात शेतकरी धान्य देतो. हे सगळं एका उन्हाळी दुपारच्या मुलाखतीत येत नाही. नानांना प्रश्न विचारला तर ते गप्प बसतात, चालायला लागले की बोलतात. म्हणून मी आता माईक त्यांच्या सदऱ्याला लावतो आणि मागं मागं जातो.

आणि माळ सोडून जाणंही माणसाच्या माळाशी असलेल्या नात्यातच येतं. दिवाळीच्या आगेमागे कोयते बांधून गावं रिकामी होतात, ट्रक भरून माणसं ऊसतोडीला जातात, घरी म्हातारी माणसं उरतात. तेव्हाचा माळ मला सगळ्यात अवघड जातो. आवाजच नसतो.

आता मृगाची वाट बघतोय. सौताड्याचा धबधबा, नायगावचे मोर, हे येईलच. पण पहिला शॉट ठरलाय: पहिला पाऊस पडलेला माळ, नाना आणि त्यांच्या कानाला लावलेला मोबाईल.